धोंडूचा डावा हात

धोंडू जेमतेम वीतभर उंचीचा, पण घरात त्याचा रुबाब मोठा. जेवणाचं टेबल त्याच्या गावाला देऊन टाकलेलं, त्यामुळे केतकी आणि तिचे सासरे स्वयंपाकघरात पाट मांडून जेवायचे. खिडक्यांना काळे पडदे, कारण उन्हाची तिरीप सरकली की धोंडूच्या गालावरचा उजेड बदलतो. पंखा बंद, कारण वाऱ्यानं त्याच्या मुंडाशाचं टोक हलतं. पेणमध्ये मे महिन्यात पंखा बंद ठेवून काम करणं म्हणजे काय, हे ज्यानं भोगलंय त्यालाच कळेल. शेजारच्या बायका काळे पडदे बघून विचारायच्या, "तुमच्याकडे कुणी आजारी आहे का गं?" केतकी हसून सांगायची, "नाही हो, आमचा धोंडू चालतोय."

धोंडू हा मोबाइलवरच्या एका खेळाचा नायक. त्याची शेळी हरवली आहे आणि तिला शोधत तो गावभर, मिठागरांच्या बांधांवरून, खाडीवरच्या लाकडी साकवावरून चालत राहतो. खेळणाऱ्यानं बोट सरकवायचं, तिकडे धोंडू जाणार. एवढाच खेळ. पण त्यातलं सगळं हातानं केलेलं. घरं, माड, खाडी, शेळी आणि खुद्द धोंडू, सगळी न वाळणाऱ्या तेलकट मातीची. धोंडूच्या पोटात तारेचा सांगाडा होता. त्याचा पाय केसभर पुढे सरकवायचा, हात केसभर हलवायचा, फोटो काढायचा. पुन्हा केसभर, पुन्हा फोटो. असे बारा फोटो झाले की पडद्यावर धोंडू एक सेकंद जगला.

सिनेमात बाहुल्याला एकदा चालवून मोकळं होता येतं. खेळात तसं नाही. खेळणारा कधी वळेल, कुठे रेंगाळेल, काही सांगता येत नाही. म्हणून चालण्याचा छोटासा फेरा करायचा आणि तो जिथे सुरू झाला, बरोबर त्याच अवस्थेत आणून संपवायचा. मग तो कितीही वेळा एकापुढे एक जोडला तरी सांधा दिसत नाही. सपाटीवरचा फेरा वेगळा, चढणीचा वेगळा, चिखलातला वेगळा. दिवसभर घाम गाळून संध्याकाळी हाती काय, तर धोंडूची चार पावलं.

ही पावलं टाकायचे नाना, म्हणजे केतकीचे सासरे विश्राम साळवी. उभा जन्म त्यांनी गणपती घडवण्यात घालवला. पेणमध्ये मूर्तिशाळेला कारखाना म्हणतात, तसा त्यांचाही कारखाना होता. मग मूर्ती छापणारी यंत्रं आली. फोटो दाखवला की नाकडोळ्यांसकट हव्या तेवढ्या मूर्ती तयार. नाना कुणाशी भांडले नाहीत की कुणापाशी रडले नाहीत. एक दिवस कारखान्याला कुलूप लावून घरी आले, झोपाळ्यावर बसले आणि बसूनच राहिले.

त्यांचा एकुलता एक मुलगा ओंकार मालवाहू जहाजावर अधिकारी, वर्षातले आठ-नऊ महिने पाण्यावर. त्याची बायको केतकी पुण्याला खेळ बनवणाऱ्या एका कंपनीत होती. सासूबाई गेल्यावर ती नानांच्या सोबतीला म्हणून चार दिवस आली आणि झोपाळ्यावरचा तो माणूस बघून तिचा पाय निघेना. एकदा तिनं सहज त्यांच्या हातात मातीचा गोळा ठेवला. नानांनी चहा पिता पिता त्याचा एक मुंडासंवाला करून झोपाळ्याच्या कडीपाशी उभा केला. तोच धोंडू. नानांना माती सोडून काही येत नव्हतं आणि केतकीला माती सोडून सगळं येत होतं, म्हणून दोघांचं झकास जमलं.

नानांची कामाची एक पद्धत होती. धोंडूला चालवण्याआधी ते स्वतः चालून बघायचे. पडवीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत, कधी चिखलात रुतल्यासारखे, कधी चढण चढल्यासारखे. "चाल आधी माझ्या अंगात यायला पाहिजे, मगच त्याच्या अंगात जाईल," असं म्हणायचे. त्यामुळे धोंडू हुबेहूब नानांसारखा चालायचा. किंचित पुढे झुकून, दोन्ही हात जोरजोरात हलवत, एसटी सुटत असल्यासारखा. ओंकारनं जहाजावरून पहिला फेरा पाहिला तेव्हा तो इतका हसला की त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. "अगं, हे तर आमचे नाना बाजाराला निघालेत," तो म्हणाला.

आता त्या काळाबद्दल थोडं सांगायला हवं. यंत्राकडून चित्रं हलवून घेणं तेव्हा नळ सोडण्याइतकं सोपं झालं होतं. तोंडानं सांगावं आणि खेळ तयार. त्याचाच लोकांना वीट आला आणि हातानं केलेल्या गोष्टींना पुन्हा मान मिळू लागला. मात्र हातानं काम करणारेही एका प्रोग्रॅमची मदत घ्यायचे. त्याचं नाव 'मेळ'. बारा फोटोंतल्या एखाद्यावर सावली पडते, कुठे धूळ बसते, कुठे दिव्याचा उजेड कमी-जास्त होतो. मेळ ते सगळं सारखं करून द्यायचा. त्यात एक सरकपट्टी होती. ती पार डावीकडे असली की मेळ नुसती धूळ झाडायचा. जसजशी उजवीकडे सरकवावी, तसतसा तो हालचालीतही लक्ष घालायचा. पाऊल वाकडं पडलं असेल तर सरळ करायचा, हात मध्येच अडकला असेल तर मोकळा करायचा.

हे त्याला जमायचं, कारण त्याला लाखो माणसांचं चालणं दाखवून शिकवलेलं होतं. उजवं पाऊल पुढे पडताना डावा हात किती पुढे येतो, खांदा किती वळतो, या सगळ्याची सरासरी त्याच्यापाशी होती. त्या सरासरीपासून जे लांब गेलं, ती त्याच्या लेखी चूक. माणूस कसा चालतो हे मेळला पक्कं ठाऊक होतं. नाना कसे चालतात, हे ठाऊक असायचं त्याला कारण नव्हतं.

केतकी पट्टी कायम पार डावीकडे ठेवायची. साकवाच्या फेऱ्यापर्यंत.

साकवाचं काम किचकट होतं. फळ्या हलणाऱ्या, धोंडूचा तोल सांभाळायचा, आणि एका फेऱ्याला नानांचे तीन-चार दिवस गेले. शेवटच्या दिवशी ते खुर्चीत टेकले तेव्हा त्यांचा चेहरा उतरलेला होता. "कसं झालंय कुणास ठाऊक," एवढंच म्हणाले आणि लवकर जेवून झोपले. काम करताना नाना पडद्याकडे बघत नसत, त्यांचं लक्ष मातीकडे. फोटो जोडून, झाडून-पुसून केतकी दुसऱ्या दिवशी त्यांना दाखवायची, हा रिवाज होता.

तिनं फोटो जोडले आणि तिला दिसलं की धोंडूचा डावा हात जवळजवळ हलतच नाहीये. उजवा नेहमीसारखा जोरात, डावा अंगाशी लोंबतोय. एवढ्या मेहनतीनंतर ही चूक. सांगितलं तर नाना पुन्हा सगळा फेरा करायला बसतील, याची तिला खात्री होती. आणि त्यांचा उतरलेला चेहरा तिच्या डोळ्यांपुढून जाईना.

तेव्हा तिला नानांनीच सांगितलेली एक गोष्ट आठवली. कारखाना चालू होता तेव्हा संध्याकाळी सगळे कारागीर घरी गेले की नाना ओल्या हातानं मूर्तींच्या रांगांमधून एकटे फिरायचे. कुणाच्या पीतांबराची चुणी बिघडलेली असायची, कुणी सोंड जरा जास्त वळवलेली असायची. नाना तिथे हलकेच बोट फिरवून ते नीट करायचे. कुणाचं काय चुकलं हे त्यांनी कधी कुणाला बोलून दाखवलं नाही. "दुसऱ्याच्या कामावर हात फिरवला की वाच्यता करायची नाही," त्यांनी केतकीला सांगितलं होतं. "माणसाचा मान राहतो."

केतकीनं पट्टी उजवीकडे सरकवली. धोंडूचा डावा हात मोकळा झाला आणि उजव्याच्या तालात हलू लागला. तिला फार बरं वाटलं. सासऱ्यांचं ऋण जरासं फेडल्यासारखं वाटलं.

सकाळी नाना पडद्यासमोर बसले. फेरा चालू झाला. धोंडू साकवावरून चालला, पुन्हा चालला, पुन्हा चालला. मग त्यांनी आपला डावा हात उचलून डोळ्यांपुढे धरला, उलटा केला, सुलटा केला आणि मोठा श्वास सोडला.

"बरं आलंय की," ते म्हणाले. "उगाच घोर लावून घेतला होता जिवाला. चहा टाक जरा, आलं घालून."

केतकीला वाटलं, काम चांगलं झाल्याचा आनंद आहे. ती उत्साहात चहा टाकायला उठली.

त्यानंतर पट्टी पुन्हा डावीकडे गेली नाही. उलट दर फेऱ्याला ती थोडी थोडी उजवीकडे सरकत राहिली, कारण दर फेऱ्यात तोच हात, तेच अडखळणं. केतकीनं स्वतःची समजूत काढली होती. वय झालंय, डोळे पूर्वीसारखे नाहीत, एवढ्याशा बाहुल्याचा हात विसरायला होतो. सगळं काम तर नानांचंच आहे, आपण नुसता हात फिरवतोय. आणि पडद्यावरचा धोंडू असा दिमाखात चालायचा की त्याच्याकडे बघितल्यावर पडवीतल्या नानांकडे बघायची तिला गरज वाटायची नाही.

खेळाचा पहिला भाग बाहेर आला आणि लोकांनी तो डोक्यावर घेतला. शाळेतली पोरं धोंडूसारखी हात हलवत चालू लागली. कुणीतरी लिहिलं की या चालीत यंत्राला न सापडणारा जीव आहे. नानांनी ते केतकीकडून दोनदा वाचून घेतलं. दुसऱ्या वाचनाला ते झोपाळ्यावरून उठून आत गेले आणि देवापुढे उभे राहिले.

दूध उतू जाऊन करपलं आणि नाना शेजारीच पेपर वाचत बसलेले, असं दोनतीनदा झालं. "मला वासच आला नाही गं," ते म्हणायचे. शर्टाची बटणं लावायला त्यांना वेळ लागायला लागला. पडवीतल्या चार ढांगांच्या सहा-सात झाल्या. आणि एका पावसाळ्यात त्यांच्या डाव्या हाताचा अंगठा आणि त्याच्या शेजारचं बोट एकमेकांवर फिरू लागले, मांडीवर हात ठेवून गप्प बसलेले असतानाही. मातीची बारीक गोळी वळावी तसे. येणारेजाणारे कौतुकानं म्हणायचे, बघा, कलाकाराचा हात, रिकामा बसत नाही. केतकीही तेच म्हणायची. चाळीस वर्षं माती वळलेल्या माणसाच्या बोटांत गोळी वळायची सवय उरणार, यात कुणाला काय वावगं वाटावं? माती नसलेल्या घरात कुणीतरी त्यांना आधीच दवाखान्यात नेलं असतं.

पुढे चहाचा कप बशीवर वाजायला लागला, तेव्हा केतकी त्यांना मुंबईला घेऊन गेली.

डॉक्टर नाडकर्णी मेंदूच्या विकारांच्या तज्ज्ञ होत्या, वयानं नानांच्या आसपास. त्यांनी नानांना खोलीत चालायला लावलं, बोटं उघडमीट करायला लावली, डोक्याचं चित्र काढून पाहिलं आणि मग दोघांना समोर बसवून सांगितलं, "हा कंपवात आहे, साळवी. मेंदूत डोपामीन नावाचं एक रसायन तयार होतं. हालचाल सुरू करायला, ती एकसारखी ठेवायला ते लागतं. ते तयार करणाऱ्या पेशी हळूहळू मरतात. हात थरथरताना दिसतो तोवर निम्म्याहून जास्त गेलेल्या असतात."

"औषध?" केतकीनं विचारलं.

"आता आहे. काही वर्षांपूर्वी आलं. उरलेल्या पेशींना ते मरू देत नाही. गेलेल्या मात्र परत आणता येत नाहीत. म्हणून अगदी सुरुवातीला दिलं तर माणूस पुढे कितीतरी वर्षं हातानं काम करतो." त्या थांबल्या. "पण राखायला काही शिल्लक असावं लागतं."

"म्हणजे उशीर झाला," नाना म्हणाले.

"थोडा झाला. दुसऱ्या गोळ्यांनी त्रास कमी होईल. पण बारीक काम..." डॉक्टरांनी वाक्य तिथेच सोडलं. "थरथर बरीच उशिरा आली तुमच्यात. त्याच्या आधी काही खुणा असतात. वास येत नाही. पावलं आखूड पडतात. आणि चालताना एक हात हलायचा थांबतो, बहुतेकदा एकाच बाजूचा. असं काही जाणवलं नव्हतं का तुम्हाला?"

"जाणवलं होतं ना," नाना म्हणाले. ते जरासे ओशाळून हसले. "मी बाहुलं चालवतो, डॉक्टरीणबाई. आधी मी चालतो, मग त्याला चालवतो. दोनेक वर्षं झाली असतील, एका साकवाचं काम करत होतो. मला वाटलं, माझा डावा हात काही येत नाहीये बरोबर. बाहुल्याचाही विसरतोय. जीव खालीवर झाला माझा. म्हटलं उद्या दवाखान्यात जावं. पण सकाळी पडद्यावर बघितलं, तर बाहुल्याचा हात झक्क हलत होता. म्हटलं, मनाचे खेळ. आपल्या मनाला काहीही वाटतं, पडदा कशाला खोटं दाखवेल?"

डॉक्टरांनी कागदावर 'डावा हात, दोन वर्षं' असं लिहून घेतलं.

"त्यानंतर जेव्हा जेव्हा शंका आली, तेव्हा पडद्यावर बघायचो," नाना म्हणाले. "दर वेळी बरोबरच असायचं."

केतकीच्या हातात पाण्याची बाटली होती. तिचं झाकण ती घट्ट करत होती, ते केव्हाच घट्ट झालं होतं तरी करतच होती. तिला वाटलं आपण आत्ता, इथेच, या बाईंसमोर सांगून टाकावं. पण तिनं विचारलं ते गोळ्यांच्या वेळांबद्दल. परतीच्या वाटेवर नानांनी एका टपरीपाशी गाडी थांबवायला लावली आणि तिच्यासाठी वडापाव घेतला, कारण सकाळपासून तिनं काही खाल्लं नव्हतं. तिनं तो कागदात गुंडाळून तसाच घरी आणला.

तिनं आधी ओंकारला सांगितलं. तो बंदराबाहेर नांगरलेल्या जहाजावर होता. ती बोलत राहिली आणि तो ऐकत राहिला.

"तू रोज त्यांच्यासमोर होतीस, केतकी," शेवटी तो म्हणाला.

"हो."

"मी इथे होतो. मला दिसणं शक्य नव्हतं. तू रोज त्यांना पडवीत चालताना बघत होतीस."

"मी धोंडूला बघत होते," केतकी म्हणाली.

ओंकारचा आवाज फुटला. त्यानं फोन ठेवला आणि बऱ्याच वेळानं पुन्हा केला. आता तो शांत होता, पण ती शांतता केतकीच्या ओळखीची नव्हती. "त्यांना सांगू नकोस," तो म्हणाला. "झालं ते झालं. आता सांगून त्यांचा हात परत येणार आहे का? त्या चालीचा त्यांना केवढा अभिमान आहे. तेवढा तरी राहू दे त्यांच्यापाशी."

बोलणं खोटं नव्हतं. केतकीनं त्यावर विचार केला, खूप केला. हा पर्याय तिला हवाहवासाच वाटत होता, कारण त्यात तिचीही सुटका होती. नाना समाधानात राहतील, ती त्यांची सेवा करेल, जन्मभर मनातल्या मनात झुरेल आणि तेवढ्यानं सगळं फिटेल. मग तिच्या लक्षात आलं की हे म्हणजे पट्टी पुन्हा उजवीकडे सरकवणंच आहे.

"न सांगता न सांगताच इथवर आलोय, ओंकार," ती म्हणाली.

सकाळी नानांचा चहा झाल्यावर तिनं त्यांना पडद्यासमोर बसवलं. पडदा दोन भागांत केला. एकीकडे लोकांनी डोक्यावर घेतलेला साकवाचा फेरा, दुसरीकडे मूळ फोटो, धूळही न झाडलेले. "नाना," ती म्हणाली, "हा डावीकडचा आहे ना, तो तुम्ही केलेला. उजवीकडचा मी मेळकडून नीट करून घेतलेला. तुम्हाला मी सगळे नीट केलेलेच दाखवत आले. साकवापासून पुढचे सगळे."

दोन्ही धोंडू चालू लागले. एकाचे दोन्ही हात हलत होते. दुसऱ्याचा डावा अंगाशी लोंबत होता.

नानांनी खूप वेळ पाहिलं. "पुढचे दाखव," ते म्हणाले. तिनं चढणीचा दाखवला, चिखलातला दाखवला, बाजारातला दाखवला. फेऱ्यागणिक मातीचा तो माणूस आखडत गेला, पावलं आखूड होत गेली, मान खाली गेली. नाना उठले. पडवीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालले, आणि चालताना त्यांनी मान वळवून आपल्या डाव्या हाताकडे बघितलं. मग परत येऊन बसले.

"म्हणजे मला दिसलं होतं ते खरं होतं," ते म्हणाले.

केतकीला रडू आवरेना. "मला वाटलं तुम्ही दमलाय. पुन्हा सगळं करायला बसाल. तुम्हीच सांगितलं होतं ना नाना, दुसऱ्याच्या कामावर हात फिरवला की बोलायचं नाही."

"सांगितलं होतं," नाना म्हणाले. त्यांचा आवाज चढला नाही. चढला असता तर तिला सोसणं सोपं गेलं असतं. "पण मी मातीवर हात फिरवायचो. सकाळी कारागीर आला की आपली मूर्ती बघताक्षणी त्याला कळायचं, इथे आपलं चुकलं होतं बरं का. त्याला कळणार हे ठाऊक होतं, म्हणून मी बोलत नव्हतो." त्यांची बोटं मांडीवर गोळी वळत होती. "मला सकाळी कळलं नाही गं."

ते झोपाळ्यावर जाऊन बसले.

पुढचे दिवस वाईट गेले. नाना वाढलेलं जेवायचे, दिलेल्या गोळ्या घ्यायचे, "भात पुरे" म्हणायचे, पण तिला नावानं हाक मारेनात. टेबलावरचं गाव तसंच पडून होतं. केतकीनं दोनदा बॅग भरायला काढली आणि दोनदा ठेवून दिली, कारण निघून जाणं हीही एक सुटकाच होती. ओंकारचे फोन यायचे, ते नानांना. तिच्याशी तो औषधांपुरतं बोलायचा.

मग एका सकाळी नाना आपणहून टेबलापाशी आले. धोंडूच्या मुंडाशावर धूळ बसली होती, ती त्यांनी फुंकून काढली.

"केतकी," ते म्हणाले, "माझं चालणं मला परत दे."

तिला लगेच कळलं. खेळात बसवलेले सगळे सुधारलेले फेरे तिनं काढले आणि मूळचे घातले. त्यामुळे खेळ अजब झाला. सुरुवातीच्या गावात धोंडू एसटी गाठायला निघाल्यासारखा चालायचा, साकवावर त्याचा डावा हात थांबायचा, आणि शेळीच्या मागे जसजसं लांब जावं तसतसा तो थकत, आखडत, वाकत जायचा. शेळी सापडण्याचा शेवटचा फेरा व्हायचा होता. तो नानांनी त्याच हातानं केला. पूर्वी जे काम त्यांनी दोन दिवसांत उरकलं असतं, त्याला अख्खा हिवाळा लागला. उजव्या हातानं डावं मनगट धरून ते धोंडूला हलवायचे. कित्येकदा तो पडला, कित्येकदा शेळीचं शिंग मोडलं. केतकी शेजारी बसून फोटो काढायची. तिनं धोंडूला हात लावला नाही.

लोक चिडले. धोंडूचा हात बिघडलाय, दुरुस्त करा, अशा तक्रारींचा पाऊस पडला. बऱ्याच जणांनी खेळ फोनवरून काढून टाकला. केतकी सगळ्यांना एकच उत्तर द्यायची, की चाल हातानं केलेली आहे आणि ज्यानं केली तो असाच चालतो. एकदा लातूरच्या एका बाईंनी लिहिलं की माझा मोठा भाऊ हल्ली अस्साच चालतो, आम्ही त्याला आळशी म्हणून चिडवत होतो, उद्या दवाखान्यात नेतेय. केतकीनं ते नानांना वाचून दाखवलं. त्यांनी मान हलवली.

"उद्या नको, आजच ने म्हणावं," ते म्हणाले.

शेवटचा भाग तयार झाला त्या दिवशी नाना म्हणाले, "मला खेळायचाय." आजवर त्यांनी खेळ बनवला होता, खेळला कधी नव्हता. केतकीनं झोपाळ्यावर त्यांच्या शेजारी बसून नवा फोन त्यांच्या मांडीवर ठेवला. नानांनी पडद्यावर बोट टेकवलं. बोट थरथरलं, धोंडू डावीकडे गेला, उजवीकडे गेला, बांधावरून चिखलात उतरला आणि परत वर आला. तेवढ्यात पडद्यावर एक चौकट उघडली. त्या काळच्या फोनना हे कळायचं. 'तुमच्या स्पर्शात कंप जाणवतो आहे. सुधारणा सुरू करायची?' खाली दोन शब्द, 'हो' आणि 'नको'.

केतकीचं बोट सवयीनं 'हो'कडे गेलं. ते तिनं वाटेतच आवरलं.

"नाना," तिनं विचारलं, "करू का?"

नानांनी चौकटीतली अक्षरं सावकाश वाचली. मग तिच्याकडे बघितलं. त्या सकाळनंतर पहिल्यांदाच ते तिच्याकडे असं बघत होते.

"विचारलंस," ते म्हणाले.

त्यांनी बोट उचललं आणि 'नको'वर ठेवायला गेले. ते शेजारी पडलं. पुन्हा नेलं, पुन्हा शेजारी पडलं. केतकीनं आपले दोन्ही हात मांडीखाली घेतले आणि ते दाबून बसून राहिली. तिचे डोळे वाहत होते, ते पुसायलाही तिनं हात बाहेर काढले नाहीत. नानांना घाई नव्हती. बऱ्याच वेळानं बोट जागेवर लागलं, चौकट गेली आणि धोंडू पुन्हा चालू लागला.

खाडीच्या टोकाला शेळी उभी होती. धोंडू वाकडातिकडा तिच्यापर्यंत पोचला, डावा हात तसाच अंगाशी लोंबत होता, आणि उजवा त्यानं तिच्या पाठीवर ठेवला. फेऱ्याचा सांधा नीट जुळलेला नव्हता. दर वेळी तिथे आलं की धोंडूच्या अंगाला हिसका बसायचा आणि तो शेळीच्या पाठीवर हात नव्यानं ठेवायचा. नाना आणि केतकी ते बघत राहिले.